तुम्ही विचारलंत म्हणून: व्हॅलेंटिनाच का?

इटलीच्या नट्यांमध्ये सोफिया लॉरेन आहे, आना मान्यानी आहे, मग तुम्ही सारखं त्या व्हॅलेंटिना कोर्तेझेचं काय घेऊन बसता, हे इतक्यांनी विचारून झालंय की आता एकदाच लिहून टाकते. त्यातही लोक 'साइड रोलवाली' म्हणतात ना, ते मला लागतं.

अहो, हिरोइन होती ती. १९४९ आणि १९५१ मध्ये हॉलिवूडमध्ये मुख्य भूमिका केल्यात तिने. मग १९५५ मध्ये इटालियन दिग्दर्शक अंतोनिओनीच्या 'ले अमिके' या सिनेमात ती सिरॅमिकचं काम करणारी नेने झाली, नवरा चित्रकार, बायकोचं नाव होतंय हे त्याला सहन होत नाही, आणि ती त्याच्यासाठी अमेरिकेतली संधी सोडते. यासाठी तिला इटलीतल्या सिनेपत्रकारांचं बक्षीस मिळालं, तेही सहाय्यक अभिनेत्री म्हणूनच.

आणि फ्रेंच दिग्दर्शक त्रुफोचा 'डे फॉर नाइट', १९७३. सिनेमा फ्रेंच, पण ती त्यात अख्खी इटली घेऊन येते. सेव्हरिन नावाची उतरत्या वयाची नटी, पिते, वाक्यं विसरते, म्हणून सेटवर जागोजागी चिठ्ठ्या लावलेल्या. ती म्हणते, मी वाक्यांऐवजी नुसते आकडे म्हणते ना, फेडेरिकोकडे (म्हणजे इटलीतला दिग्दर्शक फेलिनी) तसंच करायचे. इटलीत आवाज नंतर डब व्हायचा, त्यामुळे तिथे खपून जायचं, इथे नाही. मग शॉट. बाहेर जायचं दार सोडून ती कपाटाचं दार उघडते. परत टेक, परत कपाट. चेहऱ्यावरचं हसू तसंच असतं आणि डोळे मात्र घाबरलेले, तिथे माझ्या घशाशी येतं, दर वेळी.

आता ती ऑस्करची रात्र, ८ एप्रिल १९७५. 'डे फॉर नाइट'साठी व्हॅलेंटिनाला नॉमिनेशन होतं. सहाय्यक अभिनेत्रीचं ऑस्कर मिळालं इन्ग्रिड बर्गमनला, आणि तिने स्टेजवरून सरळ सांगितलं की सुंदर काम व्हॅलेंटिनाचं होतं, तिची माफीही मागितली. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मी रडले होते. बघा, जिंकणारीच कबूल करतेय, असं कितीतरी जणांना ऐकवलं मी.

पण तेव्हाची मी अर्धंच बघत होते. मॅडलिन कान, डायन लॅड, टालिया शायर, त्या तिघींनाही नॉमिनेशन होतं की! इन्ग्रिडच्या तोंडून त्यांचं नाव नाही निघालं. आणि खुद्द व्हॅलेंटिनाला, भरल्या सभेत अशी माफी मिळणं, हा मान झाला की समजूत काढणं? मी कधी हे म्हटलंय, कधी ते, आणि दोन्ही वेळा मनापासून. तिच्या जागी मी असते तर घरी जाऊन दार लावून घेतलं असतं.

दया येते म्हणून तिचं नाव घेते असं मात्र म्हणू नका. २०१९ मध्ये, ९६व्या वर्षी मिलानमध्ये गेली ती. त्या रात्री मी तो कपाटाचा सीन लावला, दोनदा.