स्वेटरवाल्यांची का तू?

ऑडिशनला आधी इंट्रो द्यावा लागतो. नाव, वय, उंची, राहणार कुठली, याआधी काय काम केलं. मग डावी बाजू, उजवी बाजू, हात पुढून-मागून. माझं गाडं चौथ्या प्रश्नाशी अडतं. मी "नागपूर" म्हणते. कॅमेऱ्यामागचा मुलगा मान वर करतो आणि म्हणतो, "ते ठीक आहे, पण मूळची?"

मूळची मी नेपाळची, पश्चिमेकडच्या अछाम जिल्ह्यातली. बा माझ्या जन्माआधीपासून नागपुरात गुरखा. धरमपेठेतल्या एका अपार्टमेंटची राखण आणि रात्री सायकल, शिट्टी, काठी घेऊन गल्लीच्या फेऱ्या. महिन्याच्या पहिल्या आठवड्यात बंगल्या-बंगल्यातून पैसे गोळा करायचे. तिकडे गावात माओवाद्यांचं युद्ध चालू होतं, शाळेतली मोठी मुलं उचलून नेत. दाई, म्हणजे माझा थोरला भाऊ, बारा वर्षांचा झाला तसे बा आले आणि आमाला (आईला), दाईला, मला घेऊन निघाले. २००४ साल, मी सहा वर्षांची. धनगढीहून गौरीफंट्याची सीमा ओलांडली, एवढं आठवतं. कोणी काही विचारलं नव्हतं. विचारायला सुरुवात झाली ती नागपूरच्या शाळेत. इकडे थंडी पडली की तिबेटी लोकांचा स्वेटर बाजार लागतो, आणि वर्गातल्या पोरी दर नोव्हेंबरला नव्यानं विचारत, "स्वेटरवाल्यांची का वं तू?"

मराठी मी पार्किंगमध्ये शिकले. म्हणजे नागपुरी. "काय करून राहिली?", "काहून?", "येजो मग." घरात नेपाळी, आणि नेपाळीत ळ नाही. ण लिहितात, पण आम्ही बोलतो न. आमच्या पार्किंगमध्ये बाकी जे गावाकडून आलेले होते ते डोळ्याला डोया म्हणत. म्हणजे ळ मला ना घरी भेटला ना दारी. (हा मजकूर लिहून झाल्यावर मैत्रिणीला वाचायला दिला. तिनं नऊ ठिकाणचं 'करून राहिली' खोडलं. वरचं मी परत घातलंय.)

मॉडेलिंग हा शब्द माझ्या कामाला जरा मोठाच होतो. बारावीनंतर बिल्डिंगमधल्या एका काकूंनी दिरांच्या साडीच्या दुकानासाठी फोटोला बोलावलं, इतकंच. साडीचा ठोक बाजार इतवारी-गांधीबागेत, आणि तिथल्या व्यापाऱ्यांना रोज व्हॉट्सअ‍ॅपवर नवे फोटो टाकायचे असतात. एका दिवसात चाळीस साड्या. ब्लाउज तीनच, तेही मागून चिमट्यांनी आवळलेले. निऱ्या समोरून नीट दिसल्या की झालं, मागे नुसती गाठ. दिवसाचे बाराशे रुपये. पाच फूट चार इंचांच्या मुलीला रॅम्पवर कोणी उभं करत नाही, त्यामुळे तो प्रश्न तिथंच मिटला. पण आठ-आठ तास उभं राहून चेहऱ्यावर थकवा येऊ न देणं या साड्यांनी शिकवलं. सिरियलच्या सेटवर त्याचा जेवढा उपयोग झाला तेवढा कुठल्या शिबिराचा झाला नाही.

मग व्हायचं तेच झालं. एका एजन्सीनं पोर्टफोलिओ आणि 'मुंबईत थेट एंट्री' यासाठी पंचवीस हजार घेतले. बांनी सोसायटीकडून उचल घेतली होती. फोटो मिळाले, बऱ्यापैकी होते. एंट्री मिळाली नाही, आणि चार महिन्यांनी गेले तर ऑफिसच्या जागी मोबाईल दुरुस्तीचं दुकान. आता नागपूरच्या पोरी मला मेसेज करतात तेव्हा मी पहिल्या ओळीत सांगते, ऑडिशनला पैसे लागत नाहीत. फॉर्मची फी, कार्डाची फी, काहीही मागितलं की उठायचं. कमिशन असतं, पण ते काम झाल्यावर मानधनातून कापलं जातं.

अभिनय मी शिकले तो झाडीपट्टीत. नागपुरातल्या बऱ्याच लोकांना ही रंगभूमी नावानं माहीत असते, पाहिलेली नसते. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली हा झाडीचा मुलूख. दिवाळीनंतर धान निघालं की गावोगावी मंडई म्हणजे जत्रा, शंकरपट म्हणजे बैलांच्या शर्यती, आणि त्या निमित्तानं रात्रभर नाटक. होळीपर्यंत हंगाम. कंपन्यांची कार्यालयं वडशाला, म्हणजे देसाईगंजला. साड्यांच्या शूटवर मेकअप करणारे दादा हिवाळ्यात तिकडे जात. २०१८ च्या हंगामात एका कंपनीची दुसरी नायिका ऐन वेळी गळाली आणि त्यांनी मला जीपमध्ये बसवलं.

आज सिंदेवाही, उद्या कुरखेडा, परवा लाखांदूर. रात्री दहा-साडेदहाला पडदा वर, शेवटचा प्रवेश संपतो तेव्हा कोंबडे आरवत असतात. दिवसा झोप जीपमध्ये. मी बहुतेक खलनायकाची शहरातली मैत्रीण नाहीतर गोंधळ घालणारी सून. स्टेजवर माइक वरून टांगलेले. वाक्य आलं की माइकखाली यायचं, बोलून झालं की सरकून पुढच्याला जागा द्यायची, आणि हे सगळं भांडण करता करता, चालीत. त्याला ब्लॉकिंग म्हणतात हे मला मुंबईत कळलं. विंगेत वाक्यं सुचवायला प्रॉम्प्टर असतो, पण तो भरवशाचा नाही. समोर हजारो माणसं बसलेली असतात आणि आवडलं नाही तर ती तोंडावर सांगतात.

ळ तिथंच आला. आमच्या कंपनीत एक मावशी होत्या, पंचवीस हंगाम केलेल्या. त्यांनी मला जीपमध्ये रोज म्हणायला लावलं, "काळे राळे, गोरे राळे, राळ्यात राळे मिसळले." जीभ मागे वळवायची, वर टेकवायची, सोडायची. ब्रह्मपुरीपासून वडशापर्यंत राळे. ड्रायव्हर वैतागून म्हणाला, "मावशी, पोरीले पोहे तरी खाऊ द्या आता." तीन आठवड्यांनी ळ आला. ण अजूनही घाईत निसटतो.

अर्जुनी मोरगावकडच्या एका प्रयोगाची गोष्ट सांगायचीच आहे. तिथून जवळ गोठणगावला तिबेटी वसाहत आहे, १९७२ पासूनची. मध्यंतरात चार-पाच बाया मागच्या कनातीपाशी आल्या. "कॅम्पातली होय का वं तू?" मी म्हटलं, नाही. "मंग कुठची?" म्हटलं, नागपूरची. "असं होय," म्हणून त्या मुरमुरे खात जागेवर गेल्या. संपलं. पुढचा प्रश्न आलाच नाही.

२०२३ साली झाडीपट्टीच्या परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली तेव्हा मी मुंबईत मेकअप रूममध्ये पेढे वाटले. सगळ्यांनी खाल्ले. कशाचे, ते समजावायला पंधरा मिनिटं लागली.

आता कागदांचं. हे कोणी सांगत नाही म्हणून जरा लांबण लावते. नेपाळी माणसाला भारतात राहायला, काम करायला व्हिसा लागत नाही. ३१ जुलै १९५० चा भारत-नेपाळ करार आहे, त्याच्या सातव्या कलमात हे येतं. पण प्रॉडक्शनच्या ऑफिसात बसलेल्या मुलाला हे माहीत असायचं कारण नाही. 'परदेशी कलाकार' म्हटलं की तो वर्क व्हिसा मागतो. मी त्या कलमाचं पान लॅमिनेट करून पर्समध्ये ठेवलंय. दोनदा उपयोगी पडलं, एकदा त्यावर चहा सांडला.

करार असला तरी स्वतः नेपाळी असल्याचा पुरावा लागतोच. तिकडे वयाची सोळा वर्षं झाली की नागरिकतेचा दाखला काढता येतो. मी वीस वर्षांची होईपर्यंत काढला नव्हता. २०१८ च्या उन्हाळ्यात, झाडीपट्टीच्या आधी, बा आणि मी अछामच्या जिल्ह्याच्या गावी, मंगलसेनला गेलो. बांची नागरिकता, वॉर्डाची शिफारस, फोटो. खिडकीतल्या बाबूंनी मला दोन-तीन प्रश्न विचारले आणि माझी नेपाळी ऐकून बांकडे वळून म्हणाले, "मुलगी इंडियातली का?" बा गप्प. मला हसू आवरेना.

त्यानंतर आधार. नेपाळी माणसाचं आधार निघतं, मात्र आधीच्या बारा महिन्यांत १८२ दिवस तरी भारतात राहिलेलं पाहिजे. पॅनचा फॉर्म नेट कॅफेवाल्यानं सवयीनं ४९ए भरला. तो तेव्हा भारतीय नागरिकांसाठी होता, आपला ४९एए. ते निस्तरण्यात दोन महिने गेले. पॅन नसेल तर मानधन अडकतं, म्हणून मुंबईचं तिकीट काढण्याआधी हे उरकून घ्या.

मुंबईत मी २०२१ च्या अखेरीला आले. विदर्भ एक्स्प्रेसनं सकाळी दादर, तिथून वर्सोव्याला सहा मुलींच्या खोलीत एक कॉट. आरामनगरच्या गल्ल्यांमधून बंगल्या-बंगल्यात कास्टिंगवाले बसतात. दारात नाव लिहायचं, दोन तास थांबायचं, पाटीसारखं नाव-नंबर सांगायचं, दोन मिनिटं सीन. "कळवतो." करोनानंतर बरीचशी ऑडिशन सेल्फ टेपवरच होतात, म्हणजे स्वतःच व्हिडिओ काढून पाठवायचा. मोबाईल आडवा, मागे साधी भिंत, उजेड समोरून, आणि समोरची वाक्यं वाचायला एक माणूस जो स्वतः अभिनय करणार नाही. हा शेवटचा माणूस मिळणं सगळ्यात कठीण.

मला बोलावणं कशाला यायचं? नर्स. पार्लरवाली. मोमोवाली. हॉटेलच्या रिसेप्शनवरची. चिनी गुप्तहेर, दोनदा. एका गृहस्थांनी मनीषा कोईरालाचं उदाहरण देऊन धीर दिला, "तीही नेपाळचीच ना." खरंय. नेपाळच्या पंतप्रधानांची नात. माझे बा सायकलवरून शिट्टी वाजवतात, हे मी त्यांना सांगितलं नाही.

पहिलं नीट काम मिळालं ते मराठी सिरियलमध्ये. सेट ठाण्याला घोडबंदर रोडवर. पार्लरमधली मुलगी, नाव लिली. लुक टेस्ट झाली, चॅनेलकडून होकार आला, मी आदल्या रात्री सगळे संवाद पाठ केले, ळ-ण सकट. पहिला टेक झाला आणि दिग्दर्शक म्हणाले, "ताई, छान. पण जरा तोडून बोला ना. लिलीला मराठी येत नाही." मी दोन सेकंद गप्प उभी होते. ज्या ळ साठी मावशींनी शंभर किलोमीटर राळे म्हणवून घेतले तो आता गिळायचा. गिळला. "मॅडम, केस कालेच ठेवू?" सगळे हसले. मी एकोणीस दिवस तसं बोलले. बारा तासांची शिफ्ट, दिवसाचे अडीच हजार, पैसे नव्वद दिवसांनी, त्यातून दहा टक्के टीडीएस आणि काम मिळवून देणाऱ्या कोऑर्डिनेटरचे वीस टक्के. मग लिली गावाला गेली. कुठल्या गावाला, ते कथेत आलं नाही.

याचा राग आला का, असं मैत्रिणी विचारतात. भाडं द्यायचं होतं. राग नंतर आला, दिवाळीला घरी, मावशींचा फोन आला तेव्हा. त्यांनी सिरियल पाहिली होती. म्हणाल्या, "ळ कुठी हरवला वं?"

त्याच दिवाळीत एका मराठी सिनेमासाठी व्हॉट्सअ‍ॅपवर मागणी फिरत होती: महिला शिपाई, वैदर्भी बोली अस्सल हवी, सेल्फ टेप पाठवा. चेहऱ्याबद्दल काही लिहिलं नव्हतं. पार्किंगच्या भिंतीपुढे उभी राहिले, समोरची वाक्यं दाईनं वाचली, अगदी सपाट. एका टेकमध्ये पाठवून दिलं. चार दिवसांनी कास्टिंगच्या ताईंचा फोन. "बोली अशीच पाहिजे. बाकीचं सर बघून घेतील."

बाकीचं म्हणजे काय, ते रामटेकजवळ शूटला गेले तेव्हा कळलं. खाकी अंगात चढवली आणि ड्रेसवाले दादा कोऱ्या नेमप्लेट घेऊन उभे. स्क्रिप्टमध्ये नुसतंच 'महिला शिपाई २'. "आडनाव काय टाकू?" त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग दिग्दर्शकांकडे. कोणीतरी सुचवलं, थापा टाका. दुसऱ्यानं म्हटलं, नको, प्रेक्षक गोंधळतील. तिसरा म्हणाला, प्लेटच नको. शिपायाला प्लेट नसली तर खटकेल, असं चौथा. मी टोपी हातात धरून उभी, जशी काही चर्चा दुसऱ्याच कोणाची चाललीय. दिग्दर्शकांनी शेवटी चहाचा कप खाली ठेवला. "मेश्राम टाका. आणि चला, ऊन जातंय." मी कोण, कुठची, याचं स्पष्टीकरण सिनेमात एका वाक्यानंही नाही. दोन सीन. त्यातलं मोठं वाक्य हे: "काहून गर्दी करून राहिले इथं? चाला, मोकळं करा."

सिनेमा नागपुरात एकच आठवडा होता, दुपारचा खेळ. बा रात्रीची ड्युटी करून न झोपताच आले, इस्त्रीचा शर्ट घालून. देवनागरी त्यांना वाचता येते, नेपाळीही त्याच लिपीत. माझा दुसरा सीन येऊन गेला तेव्हा ते पुढे वाकून बसले होते. बाहेर पडल्यावर पायऱ्यांवर थांबले आणि नेपाळीतच म्हणाले, "कान्छी, छातीवर मेश्राम लिहिलं होतं."

"हो बा."

"आपल्या गल्लीत आहेत मेश्राम. तिसरा बंगला," बा म्हणाले. "महिन्याचे पैसे कधी मागावे लागत नाहीत."