काळी चार

रविवार, रात्री उशिरा

कितीही हलकं बोट ठेवा, कीबोर्डची काळी चार, म्हणजे मधल्या सप्तकातली चौथी काळी पट्टी, बोंबलायचीच. गेले चार महिने हेच. पडद्यावर बघावं तर शेजारच्या पट्ट्या ४०, ५५ असा आघात दाखवतात आणि ही एकटी दर वेळी १२७. त्याच्यावर मिडीत, म्हणजे वाद्यं आणि संगणक एकमेकांशी बोलतात त्या भाषेत, आकडाच नाही. (२०२० साली आलेल्या मिडी २.०मध्ये आघाताच्या ६५,५३६ पायऱ्या आहेत. इथे १२७ सांभाळता येईनात.)

आज शेवटी हा म्हातारा कीबोर्ड उघडलाच. त्याच्यातून स्वतःचा एकही सूर निघत नाही, हे सांगितलं की लोकांना खरं वाटत नाही. तो नुसता निरोप्या. कुठली पट्टी, किती जोरात, एवढं तीन बाइटमध्ये सांगतो. १९८३पासून वेग तोच, सेकंदाला ३१,२५० बिट, म्हणजे एका सुराचा निरोप जायला जेमतेम एक मिलिसेकंद. केबलीच्या पाच पिनांपैकी दोन तर नुसत्या शोभेच्या.

गंमत अशी की ‘किती जोरात’ हे त्यालाही थेट कळत नाही. पट्टीखालच्या रबरी घुमटीत कार्बनचे दोन ठिपके असतात. एक आधी टेकतो, दुसरा मागाहून. मधला वेळ जितका कमी, तितका फटका जोराचा, असा त्याचा हिशेब. काळी चारच्या पहिल्या ठिपक्यावर मळाचा थर होता. त्यामुळे तो लागायचा उशिरा, जवळजवळ दुसऱ्याबरोबरच. मी अलगद दाबायचो आणि चिपला वाटायचं, हाणतोय.

आयसोप्रोपिल अल्कोहोल, कापसाची काडी, दहा मिनिटं. घासायचं नाही, कार्बन निघून येतो. परत जोडताना दोन स्क्रू उरले. कुठले, देव जाणे.

काळी चार आता ४२.

मग या चार महिन्यांतल्या फायली उघडल्या. सा मी पांढरी एकचा धरतो, म्हणजे काळी चार हा माझा कोमल धैवत. मधल्या सप्तकात तो एकाही चालीत नाही! आणि मी समजत होतो, हल्ली मला शुद्ध धैवताची गोडी लागलीय. एक चाल तर भैरवच्या अंगानं सुरू केलेली, ती पंचमावरूनच मागे फिरवलेली दिसली. तिथे आज धैवत लावला. हळू, आंदोलन देत.

साडेबारा वाजलेत. अजून एकदा वाजवून बघतो.