तीन मैलांची हद्द

रविवार, रात्री साडेअकरा

‘मकाओ’ आज पुन्हा पाहिला. १९५२चा कृष्णधवल सिनेमा, रॉबर्ट मिचम आणि जेन रसेलचा. पहिल्यांदा पाहिला तेव्हा या दोघांवरून नजर हलत नव्हती. आज मात्र अगदी सुरुवातीला मरणारा माणूसच मनातून जाईना. न्यूयॉर्कचा पोलीस, वेष पालटून तपासाला आलेला. मकाओच्या धक्क्यावर जिवाच्या आकांतानं पळतो आणि पाठीत सुरा बसून पडतो. त्याच्या जागी दुसरा येतो, गोष्ट पुढे सरकते. त्याच्या घरी कुणी कळवलं असेल का? आणि काय म्हणून?

सगळा पेच एका हद्दीचा आहे. जुगारअड्ड्याचा मालक हॅलोरन अमेरिकेच्या पोलिसांना हवा आहे, पण चीनच्या किनाऱ्यावरचं मकाओ तेव्हा पोर्तुगिजांचं. किनाऱ्यापासून तीन मैलांच्या आत बाहेरच्या पोलिसांचं काही चालत नाही. त्याला कसंही करून बोटीवर चढवायचं आणि तीन मैलांपलीकडे न्यायचं, यासाठी दुसरा पोलीस ट्रम्बल फिरता विक्रेता बनून आलाय. हॅलोरनचा संशय मात्र मिचमच्या कॉक्रनवर. बोटीवर जेन रसेलनं त्याचं पाकीट मारलेलं, पासपोर्टही गेलेला. कागद नसलेल्या माणसाला कुणीही काहीही ठरवावं.

विल्यम बेंडिक्सनं ट्रम्बल इतका साधा, गप्पिष्ट केलाय की त्याचा लळाच लागतो. शेवटी कॉक्रन समजून त्यालाच मारतात. आपण खरे कोण, हे तो मरताना सांगतो. आजही तिथे डोळे भरून आले.

दिग्दर्शक जोसेफ फॉन स्टर्नबर्गला हा सिनेमा पुरा करू दिला नाही, बराच भाग नंतर निकोलस रेकडून पुन्हा चित्रित करून घेतला. मध्येमध्ये ते सांधे जाणवतात. पण धक्क्यावर टांगलेल्या जाळ्यांमधला रात्रीचा पाठलाग! आमच्याकडे रापणीची जाळी वाळत टाकतात तशी सगळीकडे जाळी, माणसांवर त्यांच्या सावल्या, आणि कोण कुठून येतंय ते कळत नाही. एवढ्यासाठीसुद्धा मी हा सिनेमा पुन्हा बघेन.

आणि पोर्तुगीज अंमल म्हटला की मला घरच आठवतं. १८४४पर्यंत मकाओचा कारभार गोव्याच्या हाताखाली होता. सिनेमा आला त्या वर्षी गोव्यातलं आमचं पेडणंही पोर्तुगिजांकडेच होतं. हॅलोरनचे पैसे खाणारा तो पोर्तुगीज पोलीस अधिकारी पाहताना आजीच्या तोंडचे ‘पाखल्यांचे’, म्हणजे पोर्तुगिजांचे, पोलीस डोळ्यांसमोर आले.

तिचा धाकटा भाऊ चळवळीची पत्रकं वाटायचा. पोलीस शोधत आले त्या रात्री तो तेरेखोल ओलांडून सावंतवाडीच्या बाजूला गेला. ‘हद्द ओलांडली आणि सुटला,’ असं आजी सांगायची. सिनेमातल्या हद्दीनं एका खुन्याला सांभाळलं, आमच्या हद्दीनं आमचा माणूस वाचवला. पण तो सुटला हे घरी कळायला कितीतरी महिने गेले. आग्वादच्या तुरुंगात आहे, पलीकडे पोचला, की नदीतच गेला, कुणाला विचारायची सोय नव्हती. विचारणं म्हणजे पोलिसांना वाट दाखवणं. मग एक दिवस बाजाराला ये-जा करणाऱ्या बाईनं चिठ्ठी आणून दिली. खाली नाव भलतंच. अक्षर तेवढं त्याचं. डिसेंबर १९६१मध्ये गोवा मुक्त होईपर्यंत तो त्याच नावानं बांद्याला राहिला.

ट्रम्बलसारखाच. आज प्रथमच हे लक्षात आलं आणि सिनेमा संपल्या संपल्या आईला फोन केला. ती जागीच होती. तुझ्या मामांनी तिकडे काय नाव घेतलं होतं गं, म्हणून विचारलं. बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, ‘चिठ्ठी आठवते. घडी घालून घालून फाटत आली होती. नाव नाही आठवत बाय.’