डावीकडून अनुक्रमे

रविवारी सकाळी आठला ऑफिसातून फोन आला की क्रीडा डेस्कवरचा माणूस आधी विचारतो, "कोण गेलं?" १५ मे २०२२ ला खरंच कुणी गेलं होतं. ऑस्ट्रेलियाचा क्रिकेटपटू अँड्र्यू सायमंड्स. टाउन्सव्हिलजवळ गाडीच्या अपघातात. शेन वॉर्नला जाऊन अजून अडीच महिनेही झाले नव्हते. माझी शिफ्ट तीनची, पण साहेब म्हणाले, "अकरापर्यंत ये. सायमंड्सचं अर्धं पान करायचंय. दुपारी वानखेडेवर चेन्नई-गुजरात, रात्री ब्रेबॉर्नवर दुसरी मॅच. आज मरायचंय आपल्याला."

"आणि थॉमस करंडक? बँकॉकला फायनल आहे आपली, इंडोनेशियाशी."

"हां, ते आहे की. एजन्सीची कॉपी येईल. हरले तर दोन कॉलम, जिंकले तर बघू."

साहेबांना दोष देत नाही. थॉमस करंडक म्हणजे पुरुषांच्या बॅडमिंटन संघांचा विश्वचषक. ही स्पर्धा १९४९ पासून चालू आहे, इंडोनेशिया ती १४ वेळा जिंकलंय आणि आपण तोवर एकदाही फायनलला पोचलो नव्हतो. उपांत्य फेरी गाठली तीही १९७९ नंतर पहिल्यांदा. त्यात आयपीएलचा रविवार. असल्या दिवशी बॅडमिंटनला दोन कॉलम म्हणजे तसा उदार हिशेब.

माझं या स्पर्धेशी वेगळंच देणं-घेणं होतं. ते बॅडमिंटनप्रेमातून आलेलं नाही, मार खाण्यातून आलंय.

२०१८ च्या एप्रिलमध्ये गोल्ड कोस्टच्या राष्ट्रकुल स्पर्धेत सात्त्विकसाईराज रंकीरेड्डी आणि चिराग शेट्टी यांनी पुरुष दुहेरीत रौप्य मिळवलं. फोटो आला. दोघं शेजारी शेजारी, दोघांच्या गळ्यात पदक, दोघंही उंच. फोटोओळीत मी लिहिलं, '(डावीकडून अनुक्रमे) सात्त्विकसाईराज रंकीरेड्डी व चिराग शेट्टी'. दुसऱ्या दिवशी डेस्कच्या लँडलाइनवर फोन. एक वयस्कर गृहस्थ. आवाज शांत, आणि तोच जास्त वाईट.

"क्रीडा विभाग का? आज पान बाराला फोटो तुम्ही दिलात?"

"हो काका, बोला."

"नावं उलटी पडलीत. डावीकडचा चिराग. आपल्या मुंबईचा मुलगा तो."

मी छापील दिलगिरी व्यक्त केली. घाईगर्दी, रात्री उशिरा आलेला फोटो वगैरे. काका ऐकून घेत होते. मग म्हणाले, "तेंडुलकर आणि द्रविड उलटे छापले असतेत का हो घाईत?"

यावर काय बोलणार?

तेव्हापासून काकांचा फोन सुरू झाला. महिन्या-दीड महिन्यातून एकदा. जिमखान्यात आयुष्यभर डबल्स खेळलेला माणूस. सिंगल्सविषयी त्यांना फारसा आदर नाही. "सिंगल्स म्हणजे एकट्याने जेवणं," असं एकदा म्हणाले होते. दिल्लीच्या १९८२ च्या एशियाडमध्ये प्रदीप गंधे आणि लेरॉय डिसा यांनी पुरुष दुहेरीत ब्राँझ जिंकलं, तो विषय आला की अर्धा तास गेलाच. मी हातात पेन घेऊन "हो काका, हो काका" करत पान लावायचो. त्यातून न कळत बरंच शिकलो. फोटोओळ लिहिण्याआधी चेहरे तपासायची सवयही तिथलीच.

तर त्या रविवारी अकराला पोचलो. सायमंड्सची कॉपी हातात घेतली आणि डेस्कच्या टीव्हीवर आवाज बंद करून बँकॉक लावलं. पाचपैकी पहिली मॅच आपल्या लक्ष्य सेनची, अँथनी गिंटिंगशी. पहिला गेम २१-८ असा गेला. साहेब मागून जाताना पाहून गेले. काही बोलले नाहीत, पण 'दोन कॉलम' असं त्यांच्या पाठीवर लिहिलेलं मला दिसलं. मग लक्ष्यने पुढचे दोन गेम २१-१७, २१-१६ असे काढले. पान लावणारी आमची आर्टिस्ट सायमंड्सचा फोटो कापता कापता थांबली. "सर, हे आपण जिंकू शकतो का?"

"अजून डबल्स आहे," मी म्हणालो.

समोर मोहम्मद एहसान आणि केविन सुकामुल्जो. ही जोडी खरं तर जोडी नव्हतीच. एहसानचा कायमचा साथी हेंद्रा सेतियावान, दोघं मिळून तीनदा जगज्जेते. केविनचा मार्कस गिडिऑन, ज्यांना सगळं जग 'मिनियन्स' म्हणतं. गिडिऑन जायबंदी, म्हणून केविनला एहसानशी बांधलेलं. दोन संसारांतली एकेक भांडी घेऊन मांडलेली चूल. पण भांडी चांदीची. मिनियन्सपुढे तर सात्त्विक-चिरागचं आजवर कधीच काही चाललं नव्हतं.

पहिला गेम १८-२१ असा गेला. दुसराही जवळजवळ गेलाच होता. मी सायमंड्सच्या मथळ्यावर होतो, आणि आर्टिस्ट एकदम ओरडली, "सर, मॅचपॉइंट!" मान वर केली. मॅचपॉइंट त्यांचा. वाचला. पुन्हा त्यांचा. तोही वाचला. असे चार वाचवले या दोघांनी आणि गेम २३-२१ असा ओढून आणला. तोपर्यंत शहर डेस्कवरचे तिघं आमच्या टीव्हीखाली येऊन उभे राहिले होते. त्यातल्या एकाला बॅडमिंटनमध्ये गेम २१ चा असतो हेही ठाऊक नव्हतं. "मग २३ कसे?" असं तो विचारत राहिला आणि कुणी त्याला उत्तर दिलं नाही.

मी हातातलं काम सोडून पाहत होतो, आणि पाहता पाहता डोक्यात कॉपी लिहायची सवय आहे म्हणून लिहीतही होतो. तिथेच अडकलो. काका एकदा म्हणाले होते, "तुम्ही लोक डबल्सवर लिहीत नाही, कारण तुम्हाला लिहिता येत नाही." तेव्हा राग आला होता. त्या दिवशी कळलं की बरोबर होतं. सिंगल्समध्ये वाक्याला कर्ता मिळतो. लक्ष्यने ड्रॉप टाकला, लक्ष्यने स्मॅश मारला. संपलं. इथे सात्त्विक मागून उडी मारून स्मॅश हाणतो, कॅमेरा त्याच्यावर, टाळ्या त्याला. पण तो स्मॅश मिळाला कशामुळे? त्याच्या दोन फटके आधी चिरागने नेटपाशी रॅकेट नुसती पुढे धरून शटल असं काही खाली ठेवलं, की एहसानला ते वर उचलण्यावाचून गत्यंतर नव्हतं. म्हणजे गुण कुणाचा? मराठीत 'ने' हा प्रत्यय एकालाच लागतो. दोघांना लावला की वाक्य सरकारी होतं: 'सात्त्विक-चिराग जोडीने गुण मिळवला.'

आणि सर्व्हिस. टीव्हीवर कुणी सर्व्हिस पाहत नाही. डबल्समध्ये सर्व्हिसची मागची रेषा सिंगल्सपेक्षा आत असते, त्यामुळे उंच आणि लांब सर्व्हिस करून सुटका नाही. ती नेटला घासून जेमतेम पलीकडे पडली पाहिजे. शिवाय २०१८ पासून नियम असा की शटल जमिनीपासून १.१५ मीटरच्या खालीच मारायचं. चिराग सर्व्हिसला उभा राहिला की रॅकेट पोटाशी, शटल दोन बोटांत पिसांना धरलेलं, आणि मग काहीच नाही. एक श्वास. दोन श्वास. समोर केविन नेटवर झेप घ्यायला टपलेला. सर्व्हिस बोटभर जरी उंच गेली तरी शटल छातीवर आदळणार. १८-१८, १९-१८ असल्या वेळी ते शटल बोटांतून सोडायचं म्हणजे मनगट नव्हे, माणूसच थंड लागतो. आमच्या ऑफिसात त्या क्षणी एसीचा आवाज ऐकू येत होता.

गंमत म्हणजे हा मुलगा मुळात नेटवरचा नव्हेच. उदय पवारांच्या अकादमीत तयार झालेला चिराग आणि आंध्रातल्या अमलापुरमचा सात्त्विक, दोघंही मागून तडाखे देणारे. मलेशियाचे प्रशिक्षक टॅन किम हर यांनी दोघांना एकत्र बांधलं, तेव्हा मागे दोघं आणि पुढे कुणीच नाही अशी गत. सात्त्विकचं हिंदीही तेव्हा यथातथाच. मग चिराग पुढे सरकला. हे 'सरकला' एका शब्दात लिहिता येतं, करायला किती वर्षं लागली असतील ते त्याचं तोच जाणे. वर टोकियो ऑलिंपिकचा सल होताच. तिथे गटात तीनपैकी दोन सामने जिंकले, त्यांनी हरवलेली ली यांग-वांग ची-लिन ही तैवानची जोडी पुढे सुवर्ण घेऊन गेली, आणि हे दोघं गेमच्या हिशेबात गटातूनच बाहेर. त्या दिवशी काकांचा फोन आला नव्हता. मीही केला नाही.

तिसरा गेम २१-१९. भारत २-०.

पुढे किदंबी श्रीकांतने जोनाथन ख्रिस्तीला २१-१५, २३-२१ असं संपवलं, पाचातल्या तीन मॅच आपल्या झाल्या आणि सगळे कोर्टवर धावले. उपांत्यपूर्व आणि उपांत्य फेरीत शेवटची निर्णायक मॅच जिंकून देणारा प्रणॉय फायनलला रॅकेट न उघडताच विश्वविजेता झाला. तीन वाजत आले होते. वानखेडेवर नाणेफेक व्हायची होती आणि आमच्याकडे कुणाला तिची आठवण नव्हती.

खरी लढाई चारनंतर. पान एकवर काय? संपादक म्हणाले, थॉमस लीड. तो प्रश्न पाच मिनिटांत मिटला. सायमंड्स आत. फोटोवर मात्र घासाघीस झाली. एजन्सीचे पन्नासेक फोटो. करंडकासह सगळा संघ, हात पसरलेला श्रीकांत. मी म्हटलं, "डबल्सचा एक घ्या. सामना तिथे फिरला." साहेब म्हणाले, "शेवटचा पॉइंट श्रीकांतचा. लोकांनी तो पाहिलाय." बरोबरच होतं ते. शेवटी पान एकवर संघ, क्रीडा पानावर श्रीकांत मोठा आणि सात्त्विक-चिराग दोन कॉलम. सकाळी हरल्यावर मिळणार होते तेच दोन कॉलम, फक्त आता रंगीत.

मथळ्यातही भानगड. 'सात्त्विकसाईराज रंकीरेड्डी' हे नाव कुठल्याच कॉलमात मावत नाही, फाँट बारीक केला तरी. म्हणून सगळेच 'सात्त्विक-चिराग' लिहितात, आणि मग नवख्या वाचकाला ते एकाच माणसाचं नाव वाटतं. साहेबांनी सुचवलं, "मुंबईकर चिरागची कमाल, असं कर. आपला वाचक आहे." माझा हात चालेना. अर्धी जोडी कापून मथळा करायचा? पण दुसरीकडून पाहिलं तर त्या सबंध संघात महाराष्ट्राचा तो एकटाच होता, आणि आपल्याकडे त्याची दखल किती घेतली गेली, ते २०२४ च्या जुलैमध्ये दिसलंच. टी-ट्वेंटी विश्वचषक जिंकणाऱ्या क्रिकेट संघाला राज्य सरकारने ११ कोटी जाहीर केले, विधान भवनात सत्कार झाला, तेव्हा चिरागने जाहीरपणे विचारलं, थॉमस करंडक हाही विश्वचषकच, मग आमचं काय? तोवर ही जोडी आशियाई विजेतेपद, हांगझोऊच्या आशियाई स्पर्धेचं सुवर्ण आणि जागतिक क्रमवारीतलं पहिलं स्थान, असं सगळं करून बसली होती. ती बातमी डेस्कवर मीच लावली. तीन कॉलम. त्या वेळी 'मुंबईकर' हा शब्द मथळ्यात मी स्वतःहून घातला.

२०२२ च्या त्या रात्री मात्र मथळा केला 'चार मॅचपॉइंट वाचवून दुहेरीने फिरवला सामना'. मग फोटोओळ. फोटो मोठा करून पाहिला. इंडिया ओपनचे जुने फोटो उघडून पडताळून पाहिला. आर्टिस्टला विचारलं, शहर डेस्कवरच्या त्या '२३ कसे?'वाल्यालाही विचारलं. मग टाइप केलं: '(डावीकडून अनुक्रमे) चिराग शेट्टी व सात्त्विकसाईराज रंकीरेड्डी'. प्रिंट काढून परत वाचलं. पान साडेअकराला सोडलं. घरी जाताना लोकलमध्ये उभ्या उभ्या वाटलं, चला, चार वर्षांचं कर्ज फिटलं.

सोमवारी दुपारी साडेतीनला लँडलाइन वाजली. मी स्वतः उचलला.

"काका, नमस्कार! पाहिलंत का?"

"पाहिलं की. रडलो थोडा. फोटो चांगला दिलात. नावं बरोबर आहेत."

"या वेळी चार जणांकडून तपासून घेतली."

"हं." पलीकडे वर्तमानपत्र उलगडल्याचा आवाज. "ती खालची चौकट तुम्हीच लिहिली का? लढत कशी फिरली, ती?"

"हो. का?"

"तिसरी ओळ वाचा."

मी पान ओढलं. तिसरी ओळ: 'मोहम्मद एहसान व हेंद्रा सेतियावान या अनुभवी जोडीविरुद्ध…'

जानेवारीत इंडिया ओपनच्या फायनलला सात्त्विक-चिरागने याच दोघांना हरवलं होतं, तेव्हाची चौकटही मीच लिहिलेली. एहसान लिहिलं की पुढे सेतियावान बोटांतून आपोआप येतं. सव्वा तास त्या केविनच्या तोंडाकडे बघत बसलो होतो.

"काका…"

"असू द्या," ते म्हणाले, "सेतियावानला जरा बरं वाटेल."