अभ्यासाचे दिवस डोंगरावर कशाला घालवता?

पाचगणीतल्या आमच्या शाळेच्या डोंगरसहलींबद्दल हा प्रश्न मला दरवर्षी प्रवेशाच्या दिवसांत विचारला जातो आणि गंमत अशी की तो दोन बाजूंनी येतो. ज्यांची मुले आमच्या वसतिगृहात राहणार असतात ते मुंबई-पुण्याचे पालक गुणांच्या काळजीने विचारतात. खिंगर, दांडेघर, गोडवली या जवळच्या गावांतून रोज ये-जा करणाऱ्या मुलांच्या पालकांची शंका निराळी असते : ज्या डोंगरात आम्ही गुरांमागे फिरलो, तोच दाखवायला शाळेला पैसे कशाला मोजायचे? खरे तर यांतील दुसरा प्रश्न मला अधिक अवघड वाटतो.

पाचगणीत शाळा आल्या त्या मुळी हवेमुळे. महाबळेश्वर येथून जेमतेम वीस किलोमीटरवर आहे, परंतु तिथल्या पावसाळ्यात इंग्रजांना राहणे कठीण जाई. म्हणून वर्षभर राहता येईल असे ठिकाण जॉन चेसन यांनी १८६० च्या दशकात येथे वसवले आणि मागाहून निवासी शाळा सुरू झाल्या. हवा चांगली म्हणून मुलांना येथे आणायचे आणि मग दिवसभर चार भिंतींत बसवायचे, हे मला कधीच पटले नाही. तरीही पहिली काही वर्षे मीसुद्धा पालकांना साहस, आत्मविश्वास, नेतृत्व असे माहितीपत्रकातले शब्दच ऐकवत असे.

माझे उत्तर बदलले ते टेबललँडच्या कडेला. या पठाराचा माथा जांभ्या दगडाचा आहे. जांभा सच्छिद्र असल्याने पावसाचे पाणी त्यात मुरते, खालच्या चिकणमातीसारख्या थरावर अडते आणि कड्याखाली झऱ्यांच्या रूपाने बाहेर पडते. वसतिगृहातल्या मुलांनी अशा थरांची आकृती वहीत सुबक काढलेली होती, पण झरा नेमका कुठे शोधायचा हे त्यांना सांगता येईना. गावातल्या मुलांना कोणता झरा मार्चमध्ये आटतो आणि कोणता मेपर्यंत टिकतो हे पाठ होते, कारण घरच्या स्ट्रॉबेरीच्या वाफ्यांना पाणी देण्याचा प्रश्न त्यावर अवलंबून असतो. मात्र असे का होते, याचा विचार त्यांनी केलेला नव्हता. शिवाय ही माहिती शाळेत सांगण्याजोगी आहे असेही त्यांना वाटत नव्हते, उलट तिची थोडी लाजच वाटत होती. त्या दुपारी दोन्हीकडची मुले एकमेकांना प्रश्न विचारू लागली, जे एरवी जेवणाच्या सुट्टीतही फारसे घडत नसे.

एका फेब्रुवारीत आम्ही कमळगडावर निघालो होतो. गडाच्या माथ्यावर कातळात खोलवर कोरलेली गेरूची विहीर आहे. पायऱ्या उतरून तिच्या लाल भिंतींपर्यंत जायचे, हे मुलांनी आठवडाभर ठरवून ठेवले होते. वाटेवर, कड्याला आग्या मोहोळ लटकलेले होते आणि खाली कोणीतरी पाचोळा पेटवल्यामुळे धूर वर चढत होता. खिंगरची एक मुलगी थांबली आणि धुराने माश्या उठतील, आता पुढे जायचे नाही, म्हणाली. वसतिगृहातल्या एका मुलाने हुज्जत घातली. खरे सांगायचे तर माझेही मन पुढे जाण्याकडेच झुकले होते, कारण माथा अर्ध्या तासावर होता आणि मला त्या धुराचा अर्थ तितका लवकर उमगला नव्हता. आम्ही बोलणे बंद करून आल्या वाटेने उतरलो.

सोमवारी वर्गात ती मुलगी इंग्रजीच्या तासाला नेहमीसारखीच गप्प बसली, हेही सांगायला हवे. एका सहलीने असे काही पालटत नाही. मात्र पुढच्या सहलीचा नकाशा मांडताना तोच हुज्जत घालणारा मुलगा वही घेऊन तिच्या बाकापाशी गेला.

त्या मुलाच्या वडिलांचा सहलीच्या दिवशीच संध्याकाळी फोन आला होता. एवढा दिवस घालवून विहीर पाहिलीच नाही का, असे त्यांनी विचारले. नाही पाहिली, असे मी सांगितले. डिसेंबरात पुन्हा गेलो, तेव्हा पाहिली.