गेम सारखा क्रॅश होतोय म्हणून शोधायला बसलो आणि निघालं भलतंच

शनिवारी रात्री दहा वाजले की मी आणि आक्का गेम खेळतो. आक्का लग्न होऊन नाशिकला गेली त्याला आता दीड वर्ष झालं, तिची नोकरी, सासर, माझं इकडं कोल्हापुरात उद्यमनगरात पप्पांबरोबर वर्कशॉप, त्यामुळं आठवडाभर फोन म्हणजे "जेवलास का", "जेवलो", एवढाच. पण शनिवारी हेडफोन लावून बसलो की दोन तास सगळं बोलणं होतं, मधे शत्रू आला की थांबतं, तो पडला की परत जिथं होतो तिथनं सुरू. लहानपणी एकाच कीबोर्डवर खेळायचो आम्ही, ती अ‍ॅरोच्या बटनांवर आणि मी डावीकडच्या अक्षरांवर, कोपराला कोपर लागायचं. त्यामुळं जूनमध्ये गेम क्रॅश व्हायला लागला तेव्हा मला जे लागलं ते गेमचं नव्हतं, शनिवारचं होतं.

व्हायचं असं की चालू गेममध्ये स्क्रीन गोठायची, आवाज एकाच सुरावर अडकून टर्रर्र वाजत राहायचा आणि चार-पाच सेकंदात गेम बंद होऊन डेस्कटॉप समोर. कधी पाच मिनिटात तर कधी तासाभरानं. हेडफोनमधनं आक्का म्हणायची, "गेलास व्हय रे परत?" आणि मी परत चालू करायचो. तिसऱ्या शनिवारी ती म्हणाली, "असू दे रे, झोप आता, उद्या फोन करते." ते ऐकून फार वाईट वाटलं.

पहिल्या आठवड्यात मी सगळं एका दमात केलं. गेम काढून परत टाकला, ग्राफिक्स ड्रायव्हर नवीन, ग्राफिक्स सेटिंग लो, विंडोज अपडेट, कॅबिनेट उघडून धूळ साफ. (धूळ काढताना वर्कशॉपचा कॉम्प्रेसर अजिबात वापरू नका, पावसाळ्यात त्या हवेतनं पाणी येतं, छोटा ब्लोअर घ्या आणि फॅन बोटानं धरून ठेवा, गरगर फिरू देऊ नका.) एवढं करून दोन दिवस बरा चालला आणि परत तेच. रात्री एक वाजता पप्पा पाणी प्यायला उठले तर मी उघड्या कॅबिनेटसमोर बसलेलो. विचारलं काय काय बदललंस, मी सगळं सांगितलं. ते म्हणाले, "मग बरं झालं असतं तरी कशानं बरं झालं ते तुला कसं कळणार होतं? लेथवर जॉब एका टोकाला निमुळता व्हायला लागला तर आपण आधी टेलस्टॉक बघतो, का टूल, चक, स्पीड सगळं एकदम बदलतो?" आणि झोपायला गेले. मी एक वही घेतली. तारीख, काय बदललं, किती मिनिटांनी क्रॅश. एका वेळी एकच गोष्ट.

आधी टेम्परेचर बघितलं, सीपीयू ७६ आणि ग्राफिक्स कार्ड ७२ डिग्री, म्हणजे तापतोय अशातला भाग नाही. मग लाईट. पावसात आमच्याकडं लाईट येतजात असते, पण लाईटचा किंवा पॉवर सप्लायचा घोळ असला की बहुतेक वेळा अख्खा पीसीच धाडकन बंद पडतो किंवा रीस्टार्ट होतो, आणि विंडोजच्या इव्हेंट व्ह्यूअरमध्ये, म्हणजे विंडोज बिघाडांची नोंद ठेवतं तिथं, कर्नल-पॉवर नावाची ४१ नंबरची नोंद दिसते. माझ्याकडं तशी एकपण नोंद नव्हती.

इव्हेंट व्ह्यूअर हा प्रकार लोक उघडतच नाहीत आणि मला वाटतं सगळ्यात आधी तोच उघडावा. स्टार्टमध्ये नाव टाईप करा, विंडोज लॉग्ज, त्यात अ‍ॅप्लिकेशन, आणि क्रॅश झाला त्या वेळेची लाल खूण शोधा. तिचा नंबर १००० असतो. त्यात दोन गोष्टी वाचायच्या, एक म्हणजे एक्सेप्शन कोड, म्हणजे चूक कुठल्या प्रकारची, आणि दुसरी फॉल्टिंग मॉड्यूल, म्हणजे नेमकी कुठली फाईल चालू असताना गडबड झाली. माझा कोड दरवेळी तोच, सी, मग सहा शून्यं आणि शेवटी पाच. त्याचा अर्थ प्रोग्रॅमनं मेमरीत जिथं हात घालायला नको तिथं घातला. हा कोड गेममधल्या चुकीनंसुद्धा येतो, त्यामुळं नुसत्या कोडवरनं काही ठरत नाही. पण मॉड्यूलचं नाव दरवेळी वेगळं होतं! एकदा खुद्द गेमची फाईल, एकदा विंडोजची एनटीडीएलएल, एकदा ग्राफिक्स ड्रायव्हरची. वहीत खाली खाली लिहिलं तेव्हा ते डोळ्यात भरलं. गेम बिघडलेला असता तर बहुतेक वेळा एकाच जागी पडला असता, ड्रायव्हर बिघडलेला असता तर ड्रायव्हरचंच नाव परत परत आलं असतं. इथं चोर रोज वेगळ्या घरात सापडत होता.

दुसरी खूण स्टीमनं दिली, म्हणजे ज्या अ‍ॅपवरनं मी गेम डाउनलोड करतो त्यानं. त्यात गेमच्या फायली तपासायची सोय असते, व्हेरिफाय. मी केलं, ३ फायली खराब निघाल्या, त्यानं परत डाउनलोड केल्या. लगेच परत व्हेरिफाय केलं तर २ खराब, आणि त्या वेगळ्याच. फायली डिस्कवर आपल्या आपण अशा बदलत नाहीत. म्हणजे वाचताना किंवा लिहिताना मधे कुठंतरी आकडे बदलत होते, आणि मधे असते रॅम, म्हणजे चालू कामाची माहिती तात्पुरती ठेवायची मेमरी.

रॅमचं मला तोवर असं वाटायचं की खराब झाली की पीसी चालूच होत नाही, बीप बीप करतो. तसं नसतं. रॅमच्या ८ जीबीच्या एका स्टिकमध्ये, म्हणजे पट्टीत, साठ-सत्तर अब्ज बिट असतात, त्यातले दोन-चार जरी खराब असले तरी पीसी चालू होतो, ब्राउझर चालतो, बिलं निघतात, कारण त्या जागेवर पाय पडतच नाही किंवा पडला तरी तिथं फार महत्त्वाचं काही नसतं. गेम १०-११ जीबी भरतो, मग त्या फुटक्या फरशीवर पाय पडायची शक्यता वाढते. म्हणून फक्त गेमच पडायचा.

विंडोजची स्वतःची मेमरी टेस्ट केली, तिला काही सापडलं नाही. मग मेमटेस्ट८६ हा रॅम तपासायचा प्रोग्रॅम पेनड्राइव्हवर टाकला, पीसी त्यावरनं सुरू केला, फ्री व्हर्जनमध्ये ४ पास, म्हणजे तपासणीच्या ४ फेऱ्या होतात आणि माझ्या दोन स्टिकच्या १६ जीबीला ते रात्रभर चालतं. बाहेर धो धो पाऊस, राजाराम बंधारा पाण्याखाली गेलेला, खोलीत दोरीवर ओले कपडे, आणि मी लाईट जाऊ नये म्हणून देवाला हात जोडून झोपलो. पहाटे साडेपाचला उठून बघितलं तर अर्धी स्क्रीन लाल. एक एरर आली तरी रॅमवर संशय घ्यावा म्हणतात, इथं शेकड्यानं होत्या.

तरी लगेच स्टिक फेकायची नाही. आधी बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्या आधी उघडणाऱ्या बोर्डच्या सेटिंगमध्ये जाऊन एक्सएमपी बंद केलं. माझ्या रॅमच्या बॉक्सवर ३२०० लिहिलेलं आहे तो वेग एक्सएमपी चालू केल्यावर मिळतो, १.३५ व्होल्टवर, नाहीतर ती १.२ व्होल्टवर गपगुमान २६६६ वगैरेनं चालते, आणि कितीतरी जणांचा क्रॅश एवढ्यानंच थांबतो. माझा थांबला नाही, लाल रेषा तशाच. मग दोन्ही स्टिक काढल्या, सोनेरी दातांवरनं शाळेतला पांढरा खोडरबर हलक्या हातानं फिरवला, परत टेस्ट, तरी तेच. शेवटी एकेक स्टिक. पहिली एकटी लावली, ४ पास, एकपण एरर नाही. दुसरी एकटी, त्याच स्लॉटला, दहा मिनिटात लाल. स्लॉट बदलून लावली, तिथं पण लाल. स्लॉट चांगला, बोर्ड चांगला, स्टिक गेलेली. वहीत त्या ओळीखाली दोन रेघा मारल्या.

आणि मग एकदम आठवलं. जूनच्या सुरवातीला आक्काच्या लग्नाचे फोटो जुन्या हार्डडिस्कवरनं याच पीसीवर घेतले होते, ६० जीबी, आणि येत्या रविवारी ती हार्डडिस्क पुसून वर्कशॉपच्या बिलांसाठी वापरायची ठरली होती. पोटात गोळा आला. फोल्डर उघडलं, हळदीचे फोटो, आई तिच्या गालाला हळद लावतेय तो फोटो वरनं निम्म्यापर्यंत नीट आणि खाली सगळा राखाडी. हार्डडिस्क लावली, तिथला तोच फोटो पूर्ण. चांगल्या स्टिकवर बसून दोन्हीकडच्या सगळ्या फायलींचे हॅश, म्हणजे फाईलचा जणू अंगठ्याचा ठसा, काढून जुळवले, ११ जुळल्या नाहीत. सगळं फोल्डर पुसून परत कॉपी केलं, परत जुळवलं, सगळे जुळले, तेव्हा कुठं चहा प्यायलो. गेम पडला नसता तर त्या रविवारी आईचा तो फोटो कायमचा गेला असता, आणि हे माझ्या डोक्यातनं अजून जात नाही.

तुमची पण रॅम खराब निघाली तर स्टिक काढून थांबू नका. त्या दिवसात जे जे कॉपी केलं, अनझिप केलं, इन्स्टॉल केलं ते सगळं बघा. विंडोजच्या फायलींसाठी अ‍ॅडमिन म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून एसएफसी स्कॅननाऊ (sfc /scannow) ही कमांड चालवा, आणि गेम एकदा परत व्हेरिफाय करा, कारण खराब रॅममधनं लिहिलेली फाईल रॅम बदलली म्हणून चांगली होत नाही.

स्टिकची वॉरंटी होती. बिल आईच्या बिस्किटाच्या डब्यात, गॅसच्या पुस्तकाखाली सापडलं. राजारामपुरीतल्या दुकानदारानं मेमटेस्टचा फोटो बघितला, एक प्रश्न विचारला नाही, स्टिक पाठवून दिली.

त्या शनिवारी एकाच स्टिकवर बसलो. ८ जीबीत गेम थोडा अडखळत होता, सेटिंग लो, सावल्या बंद. पुलाजवळची जागा आली, जिथं आम्ही तीनदा पडलो होतो, तिथं आक्का बोलायची थांबली. मी पण. पूल ओलांडला. "हायस का?" ती म्हणाली. "हाय की." मग तिनं तिच्या नवीन ऑफिसचं सांगायला सुरवात केली, दीड वाजेपर्यंत.