ते गाणं अल्बममध्ये का नाही?

मुलाखत कुठेही असो, तिसरा किंवा चौथा प्रश्न हाच असतो: तुमचा बँड यवतमाळ जिल्ह्यातला, अख्खा अल्बम राळेगाव तालुक्यातल्या एका घरात रेकॉर्ड केलात, तरी शेतकरी आत्महत्येवर त्यात एकही गाणं कसं नाही? पुण्या-मुंबईचे लोक हे आवाज खाली आणून, जपून विचारतात. आमच्या भागात तो प्रश्न अंगावर येतो. पानठेल्यावर, बसस्टँडवर, लग्नाच्या मांडवात. ‘बाहेर नाव करून राहिले, आपल्या लोकायचं काहून नाही गायलं बे?’ पहिल्यांना मी शांतपणे उत्तर देऊ शकतो. दुसऱ्यांपुढे माझी मान खाली जाते. आज दोघांनाही सगळं सांगतो, तुम्ही विचारलंत म्हणून.

गाणं होतं. लिहिलं होतं, बसवलं होतं, रेकॉर्ड होऊन त्याचं मिक्सही झालं होतं. मग ते अल्बममधून काढलं, आणि काढायचा आग्रह माझा होता. ‘विदर्भ म्हणजे फक्त मरण नाही’ असं मी बऱ्याच ठिकाणी म्हटलेलं तुम्ही वाचलं असेल. ते खरंच आहे. आमच्याकडेही माणसं पोळ्याला बैल सजवतात, भांडतात, प्रेमात पडतात, आणि त्यांचीच गाणी आम्ही केली. पण त्या वाक्यानं या प्रश्नाचं उत्तर होत नाही.

अल्बम कसा झाला ते थोडं सांगायला हवं, कारण गाणं त्यातूनच आलं. 2021-22 च्या हंगामात कापूस क्विंटलमागे 10,000 च्या वर गेला होता. पुढच्या हंगामात हमीभाव लांब धाग्याला 6,380 होता, बाजार त्याच्या वर होता, पण गेल्या वर्षीचा आकडा सगळ्यांच्या डोक्यात बसलेला. म्हणून गावोगाव लोकांनी कापूस विकला नाही, घरात भरून ठेवला. आमच्या ड्रमरच्या घरीही समोरची खोली आढ्यापर्यंत भरली होती. त्या कापसात मधोमध जागा करून आम्ही ड्रम मांडले. नागपूरच्या स्टुडिओचे तासाचे पैसे आमच्याकडे नव्हते हे कारण होतंच, पण पहिल्याच दिवशी झांजेवर काठी पडली आणि आम्ही एकमेकांकडे बघत राहिलो. आवाज उठायचा आणि तिथल्या तिथे विझायचा. भिंतीवरून काही परत येत नव्हतं. वरचे सूर कापूस पिऊन टाकायचा आणि बेस ड्रमचा ठोका तेवढा छातीवर बसायचा. पैसे देऊनही असा आवाज मिळाला नसता.

मात्र त्या खोलीत बसणं सोपं नव्हतं. महिनोन् महिने साठवलेल्या कापसानं अंगाला खाज सुटते, हातावर-मानेवर बारीक लाल पुटकुळ्या येतात. घरातली लहान पोरं रात्रभर खाजवत. ड्रमरच्या बाबांनी गिटारचा अँप, म्हणजे आवाज मोठा करणारा डबा, आत आणू दिला नाही, कारण तो तापतो आणि कापसाला ठिणगी पुरते. मग अँप ओसरीत, आणि दाराखालून लांब वायर. रात्री शेताच्या लाइनला थ्री फेज, म्हणजे मोटारी चालतील अशी वीज, आली की विहिरींवरच्या मोटारी सुरू व्हायच्या, घरातलं व्होल्टेज पडायचं, आणि अर्थिंग धड नसल्यामुळे अँप घुमायला लागायचा. ती घुमी 50 हर्ट्झची. हार्मोनियमच्या पांढरी पाच या पट्टीच्या थोडी वर. आम्ही ती काढायची खूप खटपट केली, शेवटी दोन गाण्यांत गिटारच तिच्या सुरात लावली. गिटार घेऊन बसणारी पोरं विचारतात की ही गाणी ना पांढरी पाचमध्ये बसत, ना काळी चारमध्ये. ती मोटारींच्या सुरात आहेत.

भाव वर गेलाच नाही. उन्हाळ्यात गाडी भरून कापूस हिंगणघाटला गेला, डिसेंबरात मिळत होता त्याहून कमी भावात. खोली रिकामी झाली आणि आमचा आवाज बदलला. पहिली पाच गाणी कानाशी बोलल्यासारखी आणि नंतरची तीन मोकळी, घुमणारी आहेत, ती त्यामुळे. समीक्षा लिहिणाऱ्यांनी त्यात पुष्कळ अर्थ काढले, त्याबद्दल माझी तक्रार नाही.

नववं गाणं त्या रिकाम्या खोलीत झालं. ते ड्रमरच्या काकांवर होतं. काका त्याच घरात राहायचे, भजन मंडळात खंजिरी वाजवायचे. तुकडोजी महाराजांची भजनं आमच्याकडे गावागावात म्हटली जातात, आणि त्या खंजिरीची चाल ज्यानं लहानपणी ऐकली त्याच्या हातातून ती जात नाही. आमचा ड्रमर ताल जरा मागे ओढून धरतो, तो हात काकांकडून आला. काका गेले तेव्हा आम्ही दोघं कॉलेजात होतो. शब्द मी लिहिले. गाणं चांगलं झालं होतं, हे मी आजही म्हणतो.

मुंबईच्या एका म्युझिक कंपनीला आम्ही सगळी गाणी पाठवली होती. त्यांना हेच पहिलं बाहेर काढायचं होतं, व्हिडिओसकट, आणि तो व्हिडिओ याच घरात करायचा होता. ड्रमर म्हणाला, आधी काकूला ऐकवू.

ओसरीत बाजेवर दोन स्पीकर ठेवले. काकू सुपात हरभरा निवडत होत्या. आम्ही म्हटलं, काकू, जरा ऐकता का, काकांवर केलं आहे. त्या म्हणाल्या, लाव. हात थांबवला नाही. गाणं सुरू झालं, खडे एका बाजूला पडत राहिले. मी त्यांच्या तोंडाकडे बघत होतो आणि मला काहीच कळत नव्हतं. शेवटचा सूर संपला, तरी त्या निवडतच होत्या. मग म्हणाल्या, ‘झालं?’

झालं, असं ड्रमर म्हणाला.

‘यानं फाइल पुन्हा उघडते का बाबू?’

फाइल म्हणजे मदतीची. शेतकऱ्यानं जीव दिला तर घरच्यांना 1 लाख मिळतात, 30,000 हातात आणि 70,000 ठेवीत. पण आधी प्रकरण पात्र ठरावं लागतं. काकांचं कर्ज हातउसनं होतं, सातबारा आजोबांच्या नावावर होता. अपात्र. काकूंनी त्यासाठी किती उंबरे झिजवले ते आम्ही दोघांनी पाहिलं होतं. त्या अगदी सरळ विचारत होत्या. गाणं मुंबईला जाणार, लोक ऐकतील, कोणी साहेब ऐकेल, तर काही होईल का? आमच्यापैकी कोणाला ‘नाही’ म्हणता येईना.

थोड्या वेळानं त्याच बोलल्या. ‘थे तं पहिल्याच ओळीत मेले. त्याच्या आंधी काई नाही का?’ आणि मग त्यांनी सांगायला सुरुवात केली. भजनाला जायच्या आधी काका खंजिरी चुलीवर शेकायचे, कातडं ताणून यावं म्हणून. नेमकी भाकर टाकायची वेळ. ‘म्या म्हनो, पहिले माही भाकर होऊ द्या. थे म्हनत, भाकर जराशी करपली तं चालते, सूर उतरला तं चालत नाही.’ रोजचं भांडण. कधीकधी रागानं त्या करपलेली भाकरच त्यांच्या ताटात वाढायच्या आणि ते मुकाट्यानं खायचे. हे सांगताना काकू हसल्या. काका गेल्यानंतर मी त्यांना असं हसताना पाहिलं नव्हतं.

माझ्या गाण्यात यातलं काहीच नव्हतं. कर्ज होतं, करपलेलं शिवार होतं, रिकामी खुंटी होती. माणूस नव्हता.

त्यांनी गाणं काढा असं म्हटलं नाही. ही गोष्ट मला स्पष्ट सांगायची आहे, कारण बाहेर अशी कथा फिरते की घरच्यांनी विरोध केला. घरच्यांनी विरोध केला नाही. उठताना काकू म्हणाल्या, ‘ठेवा. तुमची मेहनत हाय. म्या कोन नाही म्हनाले?’

नंतर कंपनीतून फोन आला. गाण्याच्या सुरुवातीला काकूंच्या आवाजात दोन वाक्यं असली तर फार परिणाम होईल, असं त्यांचं म्हणणं होतं. त्यांनी हे अदबीनं विचारलं, पैसेही देऊ म्हणाले. मी तिथल्या तिथे नाही म्हणालो. फोन ठेवून ड्रमरला सांगितलं, हे गाणं आता अल्बममध्ये नको.

तो म्हणाला, ‘काका माझा होता, तुझा नाही. आणि काकूला तू विचारलंस?’

मी विचारलं नव्हतं. त्याचं म्हणणं असं, आणि ते तो आजही तसंच मांडतो: काकूला बोलायचं होतं की नाही हे काकू ठरवणार. कागदावर तिला कोणी बोलू दिलं नाही, आता एक संधी आली ती आपण तिच्या वतीनं नाकारली, आणि वर त्याला सन्मान म्हणतोय. माझं म्हणणं असं, की ती दोन वाक्यं एकदा बाहेर गेली की परत घेता येत नाहीत. काकूंच्या मनात फाइल होती. त्या आशेवर त्या बोलल्या असत्या, आणि फाइल उघडली नसती. ती आशा आम्ही कशाच्या जोरावर वापरायची? बेसवाला माझ्या बाजूनं होता, म्हणून गाणं वगळलं गेलं. कंपनीही गेली. आठ गाणी आम्ही स्वतःच एका शुक्रवारी ऑनलाइन सोडली आणि त्याच संध्याकाळी ओसरीत मोठ्यानं वाजवली. त्याबद्दल सांगण्यासारखं फार नाही, लोक जेवून गेले.

रिलीजच्या वेळी मी एके ठिकाणी म्हणालो होतो, ‘आम्ही दुःख विकणार नाही.’ ते वाक्य पुष्कळ फिरलं. आज ते म्हणणाऱ्या मला मी विचारतो: मग बाकीची आठ गाणी काय आहेत? पडलेल्या भावावरचं गाणं आहे, शहरात गेलेल्या पोराच्या आईचं आहे. तिकीट लावूनच वाजवतो ना? दुःख आणि विक्री असा सरळ हिशेब मांडला की मी सुटतो, पण त्या संध्याकाळी ओसरीत झालं ते त्यात बसत नाही. माझी अडचण विक्रीची नव्हतीच. मी एका माणसावर गाणं लिहिलं आणि त्याचं मरण तेवढं घेतलं, ही अडचण होती. ड्रमर मला उलट विचारतो, मग दुसरं का लिहिलं नाहीस, भाकरीचं? लिहायला बसलो होतो. ते काकूंचं आहे असं वाटलं आणि थांबलो. हे कारण पुरेसं आहे का, मला सांगता येत नाही.

आणखी एक. चिलगव्हाणचे शेतकरी साहेबराव करपे यांनी 19 मार्च 1986 रोजी पवनारजवळ पत्नी आणि चार मुलांसह जीवन संपवलं. चिलगव्हाण आमच्याच जिल्ह्यातलं. 2017 पासून दरवर्षी त्या दिवशी राज्यभर लोक अन्नत्याग करतात, आम्हीही करतो. आमच्या अल्बममध्ये गाणं नाही म्हणून कोणी काही विसरत नाही, असं मी या आधारावर म्हणायचो. ड्रमर म्हणतो, उपास करणाऱ्याला आधीच माहीत असतं, गाणं त्याच्यापर्यंत जातं ज्याला माहीत नाही. याला माझ्याकडे उत्तर नाही. घाटंजीकडच्या एका कार्यक्रमानंतर एक पोरगी स्टेजमागे आली आणि म्हणाली, ‘माह्या बाबावर गाणं करा, नाव घालून करा.’ ती तावातावानं बोलत होती. तिला मी काकूंची गोष्ट सांगितली. ती म्हणाली, ‘त्यायचं त्यायले ठाऊक. मी माह्या बाबाचं बोलून राहिली.’ तिचं म्हणणं चूक आहे असं मी म्हणू शकत नाही. तिच्या बाबांबद्दल आता ड्रमर तिच्याशी बोलतो आहे, त्यांच्या जगण्याचं सगळं लिहून घेतो आहे. त्यातून काय होईल ते तो ठरवेल, आणि मला बोलावलं तर मी गिटार वाजवायला जाईन.

राहिलं नववं गाणं. त्याचं कच्चं मिक्स तालुक्यातल्या काही व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरतं आहे. ते कुठून गेलं याचा मी शोध घेतलेला नाही. ज्यांच्याकडे आहे त्यांनी ते पुढे पाठवू नये, ही माझी विनंती. ड्रमरला ही विनंती मान्य नाही, तो म्हणतो फिरू द्या. म्हणून खाली फक्त माझंच नाव आहे, बँडचं नाही.